गाणारा माणूस कॅमेऱ्यासमोर मोकळा कसा होतो? ब्राझीलच्या कलावंतांवरचे माहितीपट आणि त्यामागचं काम

प्रश्न थोडक्यात असा आहे: जॉर्ज गाशो यांनी ब्राझीलच्या गायकांवर केलेले माहितीपट पाहिले. त्यांत जन्मापासूनची हकीकत नाही, पुरस्कारांची यादी नाही, तरी तो कलावंत अगदी जवळून भेटल्यासारखा वाटतो. हे कसं साधतात? आणि एखाद्या गायकावर असं काम करायचं तर तयारी काय लागते, फसतं कुठे?

आधी मुख्य गोष्ट सांगतो. जवळीक मुलाखतीतून येत नाही. नामवंत माणूस स्वतःविषयी हजार वेळा बोललेला असतो आणि त्याची उत्तरं घडी घालून ठेवलेली असतात. कामात गढलेला असताना मात्र त्याला आपल्या चेहऱ्याकडे लक्ष द्यायला सवड नसते. गाशो यांचे चांगले प्रसंग तिथे घडतात. पण ते टिपायचे तर ध्वनी, जागा, वेळ आणि परवानग्या या चारही बाबतींत शिस्त लागते, आणि बहुतेक जण नेमके तिथेच कमी पडतात.

गाशो यांचा जन्म 1962 मध्ये पॅरिसजवळच्या नुईली-सुर-सेनचा, काम झ्युरिकमधून. 2002 मध्ये त्यांनी पियानोवादक मार्ता आर्गेरिच यांच्यावर माहितीपट केला. मुलाखती टाळणारी ही बाई रात्रीच्या निवांतपणात बोलते, तेच त्या चित्रपटाचं अंग आहे. त्यानंतर ते ब्राझीलकडे वळले: 2005 मध्ये मारिया बेतानिया, 2010 मध्ये नाना काइमी, 2014 मध्ये सांबाचे मार्तीन्यो दा व्हिला आणि 2018 मध्ये बोसा नोव्हा या संगीतशैलीचे जुआंव जिल्बर्तो. या चौघांत एक दुवा आहे. नाना काइमी आधी बेतानियावरच्या चित्रपटात येतात आणि पाच वर्षांनी स्वतःच्या चित्रपटाच्या केंद्रस्थानी. रिओ शहर आणि बाइया राज्यातलं संगीताचं जग नात्यागोत्यांनी विणलेलं आहे. बेतानिया ही गायक-गीतकार कायतानो वेलोसोची बहीण, नाना ही जुने गायक-रचनाकार दोरिव्हाल काइमींची मुलगी, आणि जुआंवची एके काळची पत्नी, गायिका मिऊशा ही गायक-गीतकार शिको बुआर्केची बहीण. अशा जगात पहिल्या चित्रपटात तुम्ही कसे वागलात ते सगळीकडे पोचतं. दुसरं दार त्यावरच उघडतं किंवा बंद होतं.

आता तालमीचं बघू. बेतानिया 1965 मध्ये रिओत आल्या त्या ‘ओपिनियांव’ या रंगमंचीय प्रयोगात गायिका नारा लेआंवची जागा घ्यायला. तेव्हापासून रंगमंच हेच त्यांचं घर. अनवाणी उभं राहणं, दोन गाण्यांच्या मध्ये पोर्तुगीज कवी पेसोआची कविता म्हणणं हे सगळं त्या पूर्ण ताब्यात ठेवून करतात. अशा कलावंताची मैफल कितीही कॅमेऱ्यांनी टिपलीत तरी हाती लागते ती मैफलच. गाशो यांनी म्हणून तालमी आणि ध्वनिमुद्रणाच्या खोलीला भरपूर वेळ दिला. हेडफोन लावून गाणारी गायिका खोलीत उभी असते तेव्हा वाद्यं फक्त तिच्या कानात वाजत असतात. खोलीतल्या मायक्रोफोनला ऐकू येतो तो उघडा आवाज: श्वास घेताना होणारा बारीक घर्षणाचा नाद, शब्द सोडताना ओठांचा आवाज, चुकलेली जागा आणि तिथे थांबणं. संकलनात आधी हा उघडा आवाज ठेवून मग हळूच वाद्यमेळ आत आणला, तर प्रेक्षकाला गाणं बनताना दिसतं. हा प्रयोग कुठल्याही स्टुडिओत जमतो, फक्त दोन वेगळे ध्वनिमार्ग हातात हवेत: एक खोलीचा, एक कन्सोलमधून (सगळे आवाज मिसळणाऱ्या यंत्रातून) येणारा.

तालीम टिपायची माझी पद्धत सांगतो. पहिल्या दिवशी कॅमेरा पेटीबाहेर काढायचा नाही. खोलीत बसायचं, कोण कुठे बसतं, गायक कुणाकडे बघून सुरू करतो, चहा कधी येतो हे पाहायचं. दुसऱ्या दिवसापासून तिघं पुरेत: छायालेखक, ध्वनिलेखक, दिग्दर्शक. चौथा माणूस आला की खोलीत प्रेक्षक तयार होतो आणि गायक सादर करायला लागतो. कॅमेरा गायकाच्या नजरेच्या रेषेत ठेवू नये. वादकाकडे बघण्याची त्याची जी रेषा असते तिच्यापासून तीस-चाळीस अंश बाजूला, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर. फुल-फ्रेम कॅमेऱ्यावर 50 किंवा 85 मिलिमीटरची लेन्स घ्या. लांबून झूम करून चेहरा ओढला की पाळतीवर असल्यासारखं दिसतं, आणि 24 मिलिमीटर घेऊन नाकाशी गेलात तर गायक गाणं थांबवतो.

गाणं सुरू झालं की संपेपर्यंत कॅमेरा बंद करायचा नाही, आणि शक्यतो जागाही सोडायची नाही. संकलनात एखादं गाणं पूर्ण ठेवावंसं वाटतं आणि मधल्या अर्ध्या मिनिटात छायालेखक गिटारवाल्याकडे धावलेला असतो, हे नेहमीचं दुखणं आहे. दुसरा कॅमेरा असेल तर तो गाणाऱ्यावर नको, ऐकणाऱ्यांवर ठेवा. एका दृश्यातून दुसऱ्यात जायला (कट घ्यायला) ऐकणाऱ्याचा चेहरा सगळ्यात उपयोगी पडतो, आणि कित्येकदा गाण्याचं खरं मोल त्याच चेहऱ्यावर दिसतं.

‘पुन्हा एकदा कराल का?’ हे विचारायचं नाही. यावर सगळ्यात प्रामाणिक धडा ब्राझीलमध्येच आहे. माहितीपटकार जुआंव मोरेइरा साल्लेस यांनी 1992 मध्ये आपल्या घरचे जुने बटलर सांतियागो यांच्यावर चित्रण केलं. हा विलक्षण माणूस होता. जगभरच्या राजघराण्यांच्या वंशावळी आणि हकीकती त्याने हजारो पानांवर उतरवून ठेवल्या होत्या. चित्रण झालं, पण संकलन जमेना. साल्लेस यांनी ते सोडून दिलं. सांतियागो 1994 मध्ये वारले. पुढे 2007 मध्ये साल्लेस यांनी त्याच फुटेजचा चित्रपट केला, तेव्हा त्यांनी स्वतःच्या सूचनाही त्यात ठेवल्या: हे असं सांग, परत सांग, आता हात हलव. आणि शेवटी उघड सांगितलं की कॅमेरा कधी जवळ गेला नाही, कारण समोर दिग्दर्शक आणि पात्र नव्हते, मालकाचा मुलगा आणि नोकर होते. सांतियागोला शेवटी स्वतःबद्दल काही सांगायचं होतं, तेव्हा कॅमेरा बंद होता. कुठलंही व्यक्तिचित्र करण्याआधी हा चित्रपट बघा. समोरच्या माणसाशी आपलं नातं काय आहे, कोण कुणावर अवलंबून आहे, हे लपवलं की ते चौकटीत दिसतंच.

साल्लेस यांचंच 2003 मधलं काम, पियानोवादक नेल्सन फ्रेइरेवरचं, वेगळ्या कारणासाठी बघावं. फ्रेइरे अतिशय अबोल. प्रश्नाचं उत्तर अर्ध्या वाक्यात, मग शांतता. साल्लेस यांनी ती शांतता कापली नाही. चित्रपट छोट्या छोट्या मथळ्यांच्या तुकड्यांत बांधला, त्यामुळे माणूस बोलला नाही तरी पुढे जाता येतं. त्यातला एक तुकडा फार मोलाचा आहे: फ्रेइरे जॅझचे पियानोवादक एरोल गार्नर यांचं जुनं चित्रण बघतात. गार्नर खळखळून आनंदात वाजवत असतो, आणि फ्रेइरेंच्या चेहऱ्यावर त्या आनंदाबद्दलची ओढ उमटते. तुम्हाला पियानो वाजवताना काय वाटतं, असं विचारून हे मिळालं नसतं. अबोल माणसाला प्रश्न देऊ नका, वस्तू द्या: जुनी ध्वनिमुद्रिका, पत्र, छायाचित्र, दुसऱ्या कलावंताचं वादन. आणि ते दिल्यावर निदान दोन-तीन मिनिटं कुणी तोंड उघडायचं नाही.

ध्वनीबद्दल सविस्तर लिहितो, कारण संगीतकारावरचा माहितीपट बहुतेक वेळा इथेच पडतो. कन्सोलमधून मल्टिट्रॅक (प्रत्येक आवाजाचा वेगळा मार्ग) मागून घ्या, 48 किलोहर्ट्‌झ आणि 24 बिट. कॅमेरे आणि रेकॉर्डर एकाच टाइमकोडला (फ्रेम मोजणाऱ्या सामाईक घड्याळाला) बांधा आणि तो दर काही तासांनी पुन्हा जुळवा. वेगवेगळी घड्याळं तासाभरात एक-दोन फ्रेम सहज सरकतात, आणि ओठ व शब्द यांच्यातली दोन फ्रेमची फट गाण्यात लगेच डोळ्यांवर येते. दुसरं कारण अंतराचं. आवाज सेकंदाला साधारण 343 मीटर जातो. सभागृहात मागे 34 मीटरवर ठेवलेल्या कॅमेऱ्याच्या मायक्रोफोनला आवाज दशांश सेकंद उशिरा मिळतो, म्हणजे 25 फ्रेमच्या गतीत अडीच फ्रेम. तो मायक्रोफोन प्रमाण धरून कन्सोलचा आवाज जुळवलात तर सगळी मैफल घसरलेली दिसते. टाळी किंवा स्लेट रंगमंचाजवळच द्या. लेपल (कपड्याला अडकवायचा छोटा) मायक्रोफोन गायकाला लावू नका; गळ्यातली माळ, मफलर आणि छातीवरचा हात यांची खरखर गाण्यात मिसळते आणि काढता येत नाही. डोक्यावरून बूम (लांब काठीवरचा मायक्रोफोन), चेहऱ्यापासून पाऊण-एक मीटरवर.

सांबाचं प्रकरण निराळंच. रिओच्या मोठ्या सांबा-शाळेच्या (कार्निव्हलमध्ये उतरणाऱ्या मंडळाच्या) तालवाद्यांच्या ताफ्यात, ज्याला बातेरिया म्हणतात, अडीचशे-तीनशे वादक असतात. मार्तीन्योंची शाळा व्हिला इझाबेल, रिओतल्या त्याच नावाच्या वस्तीची. त्यांच्या तालमीत उभं राहिलं तर आवाज छातीवर आदळतो. इथे दोन चुका हमखास होतात. पहिली: ‘32 बिट फ्लोटवर (फार मोठा आवाजही सामावून घेणाऱ्या पद्धतीने) रेकॉर्ड करतोय, काही बिघडणार नाही’ हा भरवसा. रेकॉर्डर सांभाळून घेतो हे खरं, पण मायक्रोफोनची स्वतःची मर्यादा ओलांडली गेली तर आवाज तिथेच फाटतो. जास्त आवाज झेलणारा मायक्रोफोन किंवा 10 ते 20 डेसिबलचा पॅड (आवाजाची पातळी उतरवणारी सोय) वापरा. दुसरी चूक: वाऱ्याच्या आणि गडगडाटाच्या भीतीने खालच्या स्वरांचा फिल्टर चालू ठेवणं. सांबाचा कणा म्हणजे सुर्दू हा मोठा ढोल, पहिला, दुसरा आणि तिसरा असा. पहिला आणि दुसरा आळीपाळीने ठोका देतात, तिसरा त्यांच्या मध्ये कातरत जातो. फिल्टरने सुर्दू गेला की उरतो तो तांबोरीन आणि शेकरचा टणटणाट, आणि ऐकणाऱ्याला सांबा म्हणजे नुसती गडबड वाटते. ताफ्यासमोर मधोमध एक स्टिरिओ जोडी, सुर्दूपाशी एक मायक्रोफोन, आणि कुइका (घर्षणाने वाजणारा ढोल) वाजवणाऱ्याजवळ एक: एवढ्यावर मिश्रण उभं राहतं.

प्रकाशाची एक गोष्ट भारतातून तिकडे जाणारे विसरतात. आपल्याकडे वीज 50 हर्ट्‌झ, ब्राझीलमध्ये 60. ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी तिथे सेकंदाला 120 वेळा लुकलुकतात. 25 फ्रेमवर आपल्या सवयीचा 1/50 चा शटर ठेवला की चित्रात पट्टे फिरतात. 1/60 ठेवा, म्हणजे शटरच्या कोनात 25 फ्रेमला 150 अंश आणि 24 फ्रेमला 144 अंश. हे पट्टे छोट्या पडद्यावर चित्रण करताना दिसत नाहीत, संकलनाच्या मॉनिटरवर दिसतात. पोचल्या पोचल्या त्या खोलीतल्या दिव्याखाली मिनिटभर चाचणी घ्या.

मुलाखत घ्यायचीच असेल तर ब्राझीलचे माहितीपटकार एदुआर्दो कुटिन्यो यांच्या कामाचा अभ्यास करावा. 2002 मध्ये त्यांनी रिओच्या कोपाकबाना भागातल्या 276 फ्लॅटांच्या एका इमारतीवर माहितीपट केला. संशोधक चमूने आधी रहिवाशांशी बोलून त्या भेटी चित्रित केल्या. कुटिन्यो त्यांना पहिल्यांदा भेटले ते कॅमेरा चालू असतानाच. यामागे साधा हिशेब आहे: माणूस गोष्ट सगळ्यात जिवंतपणे पहिल्यांदा सांगतो. दिग्दर्शकाने आधी दोनदा ऐकून घेतली की तिसऱ्यांदा तो ‘मघाशी सांगितलं ना तसं’ म्हणतो. 2011 मध्ये त्यांनी साध्या लोकांना एका खुर्चीवर, काळ्या पडद्यासमोर बसवलं आणि आयुष्यातलं एक गाणं गायला सांगितलं. वाद्य नाही, दुसरी जागा नाही. गाणं आणि त्यामागची हकीकत यांत चेहरा कसा बदलतो यावरच सगळा चित्रपट तोललेला आहे. संशोधन एकाने करावं आणि प्रश्न दुसऱ्याने विचारावेत ही विभागणी छोट्या चमूलाही परवडते. पण प्रश्न विचारणाऱ्याला ती भाषा यायला हवी. दुभाषा मध्ये बसला की बोलणाऱ्याची नजर त्याच्याकडे वळते, आणि विनोद तर हमखास मरतो.

आणि माणूस भेटलाच नाही तर? जुआंव जिल्बर्तो शेवटच्या वर्षांत कुणाला भेटत नसत. मार्क फिशर या जर्मन लेखकाला त्यांच्या तोंडून ‘हो-बा-ला-ला’ हे गाणं प्रत्यक्ष ऐकायचं होतं. तो रिओत आला, शोधत राहिला, भेट झाली नाही, त्याने त्यावर पुस्तक लिहिलं आणि 2011 मध्ये पुस्तक बाहेर येण्याच्या सुमारास त्याचं निधन झालं. गाशो यांनी 2018 च्या चित्रपटात फिशरच्या वाटेने पुन्हा शोध घेतला. मिऊशा, जुआंव दोनातो, रोबेर्तो मेनेस्काल, मार्कोस वाले असे सोबती भेटतात. दियामांतिना गावातल्या बहिणीच्या घरातली ती न्हाणीघराची जागाही दिसते, जिथे फरशीवर आवाज घुमतो म्हणून तरुण जुआंव तासन्‌तास गिटार घेऊन बसत. या रचनेची ताकद अशी की नकार हाच कथेचा धागा होतो. धोका असा की शोध लांबत जातो आणि शोधणारा माणूस शोधल्या जाणाऱ्यापेक्षा मोठा होऊ लागतो. मला स्वतःला त्यात सोबती वादकांच्या हातात गिटार येते ते प्रसंग सगळ्यात भरीव वाटतात. तिथे बोटं तारांवर पडतात आणि जुआंवने ठेका कसा बदलला हे ऐकू येतं. न भेटणाऱ्या माणसाबद्दल बोलणाऱ्याला आठवणी विचाराव्यात, पण त्याहून आधी वाद्य हातात द्यावं.

संग्रहातल्या जुन्या फुटेजबद्दल दोनच सूचना. ब्राझीलचं जुनं टीव्ही-चित्रण 525 रेषा आणि सेकंदाला 60 फील्डचं (फील्ड म्हणजे अर्धी फ्रेम) आहे. युरोपच्या 25 फ्रेमवर आधीच बदलून दिलेली प्रत घेऊ नका. हलत्या हातांमागे भुतासारखी दुसरी सावली दिसते आणि ती निघत नाही. मूळ गतीची प्रत मागा आणि रूपांतर स्वतःच्या देखरेखीखाली करून घ्या. दुसरं, साठच्या दशकातल्या गीतमहोत्सवांच्या पुष्कळ टेप जळून गेल्या किंवा पुसल्या गेल्या. 1966 मध्ये नाना काइमींनी ‘सावेइरोस’ हे गाणं गाऊन बक्षीस जिंकलं आणि सभागृहाने हुर्यो उडवली, हा प्रसंग हवा असेल तर फुटेज मिळेल असं गृहीत धरून पटकथा लिहू नका. वर्तमानपत्रातलं छायाचित्र आणि त्यावर आठवण सांगणारा आवाज, अशी पर्यायी सोय आधीच करून ठेवा.

आता परवानग्या, ज्यांच्यामुळे तयार चित्रपट कपाटात पडून राहतात. ब्राझीलचे चित्रपट-दिग्दर्शक ग्लाउबेर रोशा यांनी 1976 मध्ये चित्रकार दी काव्हालकांती यांच्या अंत्यदर्शनाच्या वेळी चित्रण केलं. 1977 मध्ये त्या लघुपटाला कान चित्रपट महोत्सवात पुरस्कार मिळाला आणि 1979 मध्ये चित्रकाराच्या दत्तक मुलीच्या अर्जावरून न्यायालयाने प्रदर्शन बंद केलं. पुढे 10 जून 2015 रोजी ब्राझीलच्या सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की चरित्रासाठी, मग ते पुस्तक असो वा चित्रपट, त्या व्यक्तीची किंवा वारसांची पूर्वपरवानगी लागत नाही. हा निर्णय महत्त्वाचा, पण त्याने गाणी मोकळी होत नाहीत. गाण्यात दोन वेगळे हक्क असतात: रचनेचा, म्हणजे शब्द आणि चाल, आणि त्या विशिष्ट ध्वनिमुद्रणाचा. तुमच्यासमोर तालमीत गायलं तर ध्वनिमुद्रण तुमचं, पण रचनेचा हक्क घ्यावाच लागतो.

मुदतीचा हिशेब नीट करा. ब्राझीलच्या 1998 च्या 9.610 क्रमांकाच्या कायद्यानुसार रचनाकाराच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून 70 वर्षं, भारतात 60. एकत्र रचलेल्या गाण्यात शेवटी वारलेल्या सहरचनाकारापासून मोजतात. व्हिला इझाबेलवर माहितीपट करताना त्या वस्तीतले जुने सांबा-रचनाकार नोएल रोझा येणारच. ते 1937 मध्ये वारले, म्हणजे त्यांनी एकट्याने केलेली गाणी 2008 पासून मोकळी. पण ‘फेइतीसो दा व्हिला’ त्यांनी वादिको या संगीतकाराबरोबर केलं, आणि वादिको 1962 मध्ये वारले. म्हणजे ते गाणं 2032 संपेपर्यंत बांधलेलं आहे. नाव मोठं दिसतं ते नोएलचं, म्हणून लोक इथे फसतात. दोरिव्हाल काइमी 2008 मध्ये वारले. त्यांची गाणी 2078 पर्यंत.

करार करताना प्रत्येक गाण्याला वेगळी ओळ: गाण्याचं नाव, रचनाकारांचे वाटे, प्रकाशक, चित्रपटात किती सेकंद, पार्श्वभूमीला की पडद्यावर गायलेलं. ऐंशी-नव्वद मिनिटांच्या चित्रपटात बारा गाणी पूर्ण ठेवलीत तर चाळीस मिनिटं गाण्यांनीच भरतात, आणि त्या बाराच्या मागे वीस-पंचवीस हक्कधारक निघू शकतात. एकाला जास्त पैसे दिले तर बाकीच्यांनाही तेवढेच द्यावे लागतील, असं कलम बहुतेक करारांत असतं. म्हणून सगळ्यात महागड्या गाण्यापासून बोलणी सुरू करा. ते जमलं नाही तर ते गाणं संकलन पक्कं होण्याआधी काढता येतं. पैसे वाचवण्यासाठी फक्त महोत्सवांचे दोन वर्षांचे हक्क घेतले तर पुढे ओटीटीवाले पहिला कागद तोच मागतात, आणि तोवर भाव वाढलेला असतो. निदान पुढच्या वापराचा दर आत्ताच करारात लिहून घ्या.

उपशीर्षकं शेवटी करायची म्हणून घाईत होतात, ते टाळा. पोर्तुगीज गाण्याचं मराठी उपशीर्षक करताना ओळ गायकाच्या श्वासाबरोबर बदला, व्याकरणाच्या पूर्णविरामाबरोबर नव्हे. दोन ओळी, ओळीत पस्तीस-चाळीस अक्षरांपेक्षा जास्त नको, आणि ध्रुवपद दुसऱ्यांदा आलं की उपशीर्षक काढून टाका, म्हणजे डोळे चेहऱ्यावर राहतात. यमक जुळवण्याच्या मागे लागू नका. जोडाक्षरं छोट्या पडद्यावर चिकटतात, तेव्हा फॉन्ट ठरवण्याआधी एक मिनिटाचा तुकडा मोबाइलवर चालवून बघा.